राजपुत्राचे प्रतिबिंब

एका राज्यात राजकुळातल्या माणसाने मातीत हात घालणे हा कुळाला कलंक मानीत. नेमके तिथल्या युवराजाला, प्रद्योताला, कुंभाराच्या चाकाचे वेड लागले. त्याने कालिंजरा चेटकिणीचे पाय धरले. तिने तळ्यातले त्याचे प्रतिबिंब हाताला धरून बाहेर काढले.

"हा दरबारात बसेल. तू खुशाल मडकी घडव. मात्र खरे नाव कोणाला सांगू नकोस."

प्रद्योत नाव बदलून कुंभारवाड्यात राहू लागला. मनासारखे काम मिळाले, दिवस सुखाचे गेले. मग एकदा राजाची स्वारी तिथून निघाली. हत्तीवर ते प्रतिबिंब, तो तोतया, बसला होता आणि राजाचा हात त्याच्या खांद्यावर होता. प्रद्योताच्या खांद्यावर तो हात जन्मात पडला नव्हता. चाकावरचा घडा वेडावाकडा झाला. त्या दिवसापासून त्याला घास गोड लागेना. लोक युवराजाची तारीफ करीत, तेव्हा हा मनाशी म्हणे, माझ्या तोंडाने हसतो, माझा बाप पळवतो!

तोतयाला घालवण्याचा उपाय विचारायला तो चेटकिणीच्या गुहेपाशी गेला. ती नव्हती, तिची साळुंकी होती.

साळुंकी म्हणाली, "नागाच्या डोहातले पाणी आण. काळ्या डोंगराची माती आण. भर दरबारात नाव सांगून त्या मातीचा घडा घडव आणि ते पाणी त्यात भर. तोतया त्यात विरेल."

"गुपचूप नाही जमणार?"

"नाही."

डोहावर नागाने विचारले, "कोण तू?"

"हेव्याने जळणारा माणूस."

खरे उत्तर ऐकून नागाने वाट सोडली आणि त्याला पाणी भरू दिले. काळ्या डोंगराने चाकावर घट्टे पडलेले त्याचे तळहात चाचपले आणि मूठभर माती आपणहून ढाळली.

दरबारात त्याने चाक मांडले. सरदार तलवारी उपसून उठले.

"मी प्रद्योत. हे माझे काम."

घडा फिरता फिरता पक्का झाला. त्यात पाणी पडले तसा तोतया जवळ आला, हळूच म्हणाला, "मी रोज तुझा हेवा केला. आबासाहेब खांद्यावर हात ठेवत, तेव्हा त्यांची नजर लोकांवर असे. तुझ्या हातून निदान काही घडत होते."

प्रद्योताच्या मनात आले, इतके दिवस ज्याच्यावर जळलो, तोही उपाशीच होता तर. तोतया घड्यावर वाकला आणि पाण्यात उतरला.

राजा सिंहासनावरून खाली आला. बराच वेळ त्याने मुलाचे माखलेले हात पाहिले.

"माझ्यापासून लपवलेस?"

"तुमच्यापासूनच लपवले, आबासाहेब."

राजा चाकापाशी जमिनीवर बसला. जरीच्या शेल्याला चिखल लागला, तो त्याने पुसला नाही. त्या दिवशी ती रूढी मोडली. प्रद्योत सकाळी न्यायासनावर आणि तिसऱ्या प्रहरी चाकावर बसू लागला, दोन्हीकडे एकाच नावाने.