चंपाषष्ठी हरवली तेव्हा

एका राज्यात दशपाल राजाने आठवडाच मोडून टाकला. दोन्ही हातांना बोटे दहा, मग वार सात कशाला, म्हणाला. महिने झाले धुकट, गारठ, वावटळ. दिवसांना नावे मिळाली कोबी, गाढव, वांगे, कुदळ अशी. तीनशे साठ दिवसांची सोय लागली. उरलेले पाच त्याने वेशीबाहेर हाकलले. राजा बोले, दळ हाले. जुन्या तिथ्या गेल्या, सणही गेले.

यात राही कुंभारीण पुरती बुडाली. तिच्या नवऱ्याने, सोनबाने, चंपाषष्ठीला दारी आलेल्या चेटकिणीला उपाशी परतवले होते. ती म्हणाली होती, "बगळा हो. चंपाषष्ठीला तुझ्या बायकोने मला भरीत-रोडगा वाढला, तरच सुटशील."

आणि पुढची चंपाषष्ठी आलीच नाही. बगळ्याचे आयुष्य ते किती! तीन वर्षांत सोनबाची पिसे गळू लागली.

ती वेशीबाहेर गेली. चिंचेखाली ते पाच दिवस बाया होऊन बसले होते. थोरलीला तिने विचारले, "बाई, माझी चंपाषष्ठी व्हाल?"

"दिवस नावाने होत नसतो, पाळल्याने होतो. वांगे आण. बाजरी मंतरलेल्या जात्यावर दळून आण. जेवणारीला आण."

राजाच्या मळ्यावर भारद्वाज पक्ष्याचा पहारा होता. "आज वांग्याचा वार. त्याला हात लावायचा नाही."

"आणि उद्या?"

"उद्या कुदळीचा. मग खुशाल तोड."

राही बांधावर बसून राहिली आणि दुसऱ्या दिवशी वांगे तोडून निघाली.

बाजरी मंतरलेल्या जात्यावर दळायची होती. जाते म्हणाले, "ओवीशिवाय मी फिरत नाही." राही तीन वर्षांत गायली नव्हती. खुंटा धरून ती ओवी गायली.

चेटकिणीच्या दारात मात्र मेलीचा गळाच धरावासा वाटला तिला. तिने हात जोडले. "जेवायला चला."

"आज दिवस कोणता?"

"चला, दाखवते."

चिंचेखाली तिने भरीत-रोडग्याचे पान वाढले. चेटकीण थोरल्या बाईकडे बघत जेवली, बोटे चाटली आणि म्हणाली, "झाली चंपाषष्ठी."

पुढे लोक आपापले सण पाळायला उरलेल्या चौघींकडे ताटे घेऊन धावले, वेशीच्या आत कोणी उरेना, आणि राजाने निमूटपणे जुने वार-महिने परत बोलावले. पण ते नंतरचे.

चिंचेखाली बगळ्याचा सोनबा झाला होता. खांद्यावरची पिसे झटकत त्याने विचारले, "आज वार कोणता गं?"

राहीला रडू कोसळले. "कोणता का असेना," ती म्हणाली, "आधी जेवून घ्या."