ठकूचे विरजण

करवंदण्याच्या माळावर कातळात खोदलेले एक टाके आहे. उन्हाळ्यात पाणी ओसरले की तळाशी तांब्याची एक वाटी दिसते, हिरवी पडलेली. तिला कुणी हात लावत नाही. टाक्याभोवती दगडांचे रिंगण आहे आणि रिंगणापलीकडे पडक्या खोल्यांची जोती. इथल्या देवळाचे म्हातारे गुरव, देवबा, पाहुण्यांना काठावर बसवतात आणि आधी विचारतात, "घड्याळं बरोबर आहेत ना तुमची? कुणी लावून दिली?" पाहुणे हसतात. देवबा हसत नाहीत.

इथे पूर्वी घटिकाशाळा होती, असे ते सांगतात. बुडाला बारीक भोक पाडलेली वाटी पाण्यावर सोडली की हळूहळू भरते आणि बुडते. तेवढा वेळ म्हणजे एक घटका. सगळ्या मुलखात वाटीने घटका मोजत. इथे मात्र वाटी थोपवायला शिकवत. गुरूने मंत्र म्हणून पाण्याला बोट टेकवले की वाटी अर्धी भरून थांबे, आणि ती थांबली की रिंगणाच्या आत काळही थांबे, म्हणे. फूल कोमेजत नसे, दिवा तेल पीत नसे; माणसे मात्र आत बोलू-ऐकू शकत. रिंगणाबाहेर कोंबडे आरवत, दिवस मावळत, सगळे नेहमीसारखे चाले.

गावाला शाळेचा धाक होता, आणि थट्टाही चाले. "काळ थोपवत्यात, पन दूध जरा उशिरा गेलं की बोंब मारत्यात," असे ठकू गवळण म्हणायची. तिच्याच घरचे दूध शाळेला जाई. तिची एकुलती लेक चिमा शाळेत शिकत होती. चिमा पंधरवड्याने घरी येई. परत निघाली की ठकू तिच्या हाती विरजण लावलेल्या दुधाचे मडके देई; तोंडाला फडके, फडक्याला ठकूची उलटी गाठ. दुसऱ्या सकाळी चिमा ते दही भाकरीबरोबर संपवी. शिळे दही तिला खपत नसे.

निरोप आला तो दिवस साधाच होता. ठकू म्हशीसाठी पेंड कालवत होती. शाळेतला एक शिष्य गोठ्याच्या दाराशी येऊन उभा राहिला आणि खाली बघत म्हणाला, "मावशी, चिमाला आज पहाटे पान लागलं. साप मोठा होता. गेली ती."

ठकूने हात धुतले. "आज पहाटं?"

"आजच. अगदी आज."

एकदा सांगून भागले असते, ते त्याने दोनदा सांगितले. माळ चढताना ठकूच्या मनात तेवढेच घोळत होते.

चिमाला रिंगणाजवळ निजवले होते. घोट्यावर दोन ठिपके होते. चेहरा ताजा होता, वेणी ठकूने घातली तशीच होती. शिवदेव गुरू हात जोडून उभे होते. देह पाहून कुणीही म्हटले असते, आजच पहाटे. ठकूलाही क्षणभर तसेच वाटले. पण चिमा घरून निघाल्याला नऊ दिवस झाले होते; वेणी नऊ दिवस तशीच कशी राहील?

 लेकीचे लुगडे आणायचे म्हणून ती चिमाच्या खोलीत गेली. कोनाड्यात मडके होते. फडक्याला तिचीच उलटी गाठ, कुणी न सोडलेली. तिने ती सोडली. आत दह्यावर बोटभर हिरवी बुरशी चढली होती.

शाळेतल्या विद्वानांना सगळे काही थोपवता येत होते. कोनाड्यातल्या मडक्याची आठवण मात्र एकालाही झाली नाही. त्यांतल्या कुणी जन्मात विरजण लावले नव्हते.

ठकूने मडके आणून गुरूंच्या पायाशी ठेवले. "माजी पोर वर आली त्याच दिशी डसला न्हवं साप?"

 गुरू म्हणाले, वाटी थोपवून तिला रिंगणात ठेवले होते, घाटाखालचा वैद्य येईपर्यंत. नवव्या पहाटे बोटातले बळ सरले आणि वाटी बुडाली.

"ती शुद्धीवर व्हती?"

"होती."

"मग मला का नाही बोलावलं? हाकेच्या वाटंवर व्हते मी."

"रिंगणात कुणाच्या डोळ्यांतलं पाणी पडलं की घटका सुटते, बाई. तू आई. तू रडली असतीस."

हे खरे की वाटी किती दिवस थोपते ते त्यांना पाहायचे होते, यावर गावात अजून दोन मते आहेत. वैद्याकडे माणूस गेलाच नव्हता, असेही सांगतात. ठकूने ते मडके गावच्या पारावर नेऊन ठेवले. "शाळंतली घटका खोटी," ती म्हणाली, "माजं विरजण खरं." त्या दिवसापासून शाळेला गावातून दूध गेले नाही, धान्य नाही, पोरेही नाहीत. महिन्याभरात शाळा उठली.

जाताना शिवदेव गुरू ठकूच्या दाराशी आले. "काही विचारायचं असलं तर विचार," म्हणाले.

"कोनत्या दिशी डसला? सगळ्यांसमोर सांगा."

त्यांनी दिवस सांगितला. आळीतल्या बायाबापड्यांनी ऐकला. तरी गुरू उंबऱ्यापाशी बराच वेळ थांबले, अजून काही विचारेल म्हणून. ठकूने दार लावून घेतले. ते घाट उतरून गेले, ते पुन्हा कुणाला दिसले नाहीत.

आजही करवंदण्यात लग्न असले की भटजींच्या घड्याळावर कुणी विसंबत नाही. आदल्या संध्याकाळी नवरीची आई विरजण लावून फडक्याला आपली गाठ मारते. मुहूर्ताच्या वेळी ती स्वतः गाठ सोडते, दही लागलेले बघते, आणि ती मान हलवेल तेव्हाच अंतरपाट दूर होतो. भटजी कुरकुरतात, पण थांबतात.

एवढे सांगून देवबा उठतात. एखादा पाहुणा विचारतो, नऊ दिवस पोर शुद्धीवर होती, तर काही बोलली असेल ना?

बोलली होती म्हणे. गुरू शेजारीच बसून होते, त्यांनी सगळे ऐकले होते. ती काय बोलली, ते ठकूने त्यांना विचारलेच नाही.