शेवटच्या खेपेचं पाणी

"पण महाराज, गेलेली घटका परत आणता येते, हे तरी मान्य कराल की नाही?"

गुलाबगिरी गोसावी चुलीपुढे बसले होते. बोलण्याच्या नादात तव्यावरची भाकरी करपली होती. केरोबा तांबटाला तेवढंच निमित्त पुरलं.

त्यानं झोळीतून तांब्याची वाटी काढली. लग्नात मुहूर्त मोजायला पाण्यात सोडतात ना, बुडाला भोक असलेली, तसलीच. पण ही केरोबाची. ज्या दिवशी भरलेल्या पाण्यावर ती पालथी घालावी, त्या दिवसाची घटका परत यायची, आणि पाणी आटून जायचं.

सकाळी भरलेलं पाणी घंगाळात घेऊन त्यानं वाटी पालथी घातली. बघता बघता तवा गार झाला. भाकरीचं परातीत पुन्हा कोरडं पीठ.

केरोबा छाती फुगवून बसला. या करामतीला भले भले सरदार तोंडात बोट घालत.

"म्हणजे मला पुन्हा मळावं लागणार," गोसावी म्हणाले.

...

केरोबाचा नूर उतरला. थोड्या वेळानं त्यानं झोळीतून लाखेनं बंद केलेला एक लोटा काढला आणि जपून पुढ्यात ठेवला.

"महाराज, हे आमच्या अण्णांच्या शेवटच्या दिवसाचं पाणी. वडील माझे. अंथरुणाला खिळले होते. मी कैक वर्षांनी घरी आलो, आणि आल्या आल्या म्हणालो, तुमच्या हाताखाली राहिलो असतो तर जन्मभर घागरीच ठोकत बसलो असतो. घटकाभरात ते गेले."

"मग?"

"मग परत गेलो. पाय धरले, माफी मागितली. पुन्हा गेलो, नुसताच रडलो. पुन्हा गेलो, त्यांच्या हातोडीची थोरवी गायली. एकदाही मनासारखं झालं नाही. आता एका खेपेपुरतं उरलंय." त्याचा आवाज खाली गेला. "या वेळी काय बोलू, तेवढं सांगा."

गोसाव्यांनी चुलीत फुंकर घातली.

"तू काय बोललास ते कळलं. अण्णा काय म्हणाले?"

"अण्णा...?"

केरोबा गडबडला. तिथं गेला की तो आपलंच पुढचं वाक्य जुळवत असायचा. आता आठवायला बसला, तर सगळ्या खेपांचं एकच वाक्य आठवलं.

"दर वेळी तेच म्हणाले. 'जेवलास का?'"

"तू काय सांगितलंस?"

"काहीच नाही... वेळ कुठे होता, महाराज."

बोलून गेला आणि स्वतःच ओशाळला. अख्खा काळ ज्याच्या वाटीत, त्यालाच वेळ नव्हता.

गोसाव्यांनी पिठाची परात त्याच्याकडे सरकवली.

"पाणी घाल."

दाराशी घागर भरलेली होती. केरोबानं घागरीकडे पाहिलं, मग गोसाव्यांकडे. त्यांची नजर लोट्यावर होती.

...

लोटा छातीशी धरून तो तसाच बसून राहिला. एवढं पाणी गेलं, की अण्णा गेले ते गेलेच. शेवटी त्यानं लाख फोडली आणि लोटा परातीत ओतला.

वाटलं होतं, काळीज फाटेल. झालं भलतंच. त्याला एकदम हायसं वाटलं. आता कुठं परत जायचं नव्हतं, काही जुळवायचं नव्हतं. छातीवरची धोंड उतरली, आणि मग त्याच्या ध्यानात आलं की आपल्याला सपाटून भूक लागली आहे.

गोसाव्यांनी पीठ मळलं, भाकरी थापली, भाजली, सोबत कांदा फोडून दिला. केरोबा बोटं पोळत खाऊ लागला. डोळ्यांतलं पाणी कांद्याच्या नावावर खपून गेलं.

घास तोंडात असतानाच तो पुटपुटला, "जेवतोय, अण्णा."

गोसाव्यांनी दुसरी भाकरी त्याच्यापुढे टाकली.

"आज पोटभर खा. दर खेपेला उपाशीच उठत होतास."