मिरीची ठिणगी

एक होता डोंगर. डोंगराचं नाव धुराडी. डोंगरात होती गुहा. गुहेत राहायची ड्रॅगनआई. आणि ड्रॅगनआईच्या पंखाखाली राहायची मिरी.

मिरी म्हणजे ड्रॅगनचं पिल्लू. एवढंसं. आईच्या नखावर बसलं तरी जागा उरायची. इवलेसे पंख, इवलीशी शेपूट, पण ऐट केवढी. टुपुक टुपुक चालायची, जणू सगळा डोंगर हिच्याच मालकीचा.

आज मिरीच्या घरी गडबड होती. आज मिरीची पहिली ठिणगी पडणार होती.

ड्रॅगनांच्या घरी अशी रीत असते. पिल्लू जरा मोठं झालं की त्याला पहिली शिंक येते. शिंकेतून पहिली ठिणगी पडते. पिल्लाने ती झटकन झेलायची आणि गट्टकन गिळायची. मग पोटात जाळ पेटतो. त्या जाळावर आई भाकरी भाजते, आणि पिल्लू ती ऐटीत खातं.

आईने पीठ मळलं होतं. तवा मांडला होता. मिरी कातळावर उभी होती. नाक लाल. डोळे मिटलेले.

आ… आ… आक्छीं!

ठिणगी उडाली. लाल लाल, गोल गोल. मिरी झेलायला धावली. पाय सटकला. धप्प. आणि ठिणगी गेली कातळाच्या फटीत. टिंग, टिंग, टिंग. पार आत.

मिरीने फटीला डोळा लावला. आत ठिणगी चमकत होती. लुकलुक, लुकलुक.

आईने पंजा घातला. पंजा मावेना. मिरीने हात घातला. हात पुरेना. मिरीला रडूच आलं.

"रडू नको, बाळा," आई म्हणाली. "ठिणगी अजून जिवंत आहे. मी पंखांचा आडोसा धरून बसते. तू कातळाला विनंती कर. पण लवकर हं. पहिली ठिणगी एकदाच पडते. ती विझली, तर पोट गारच राहील."

मिरीने डोळे पुसले. मग नाक पुसलं. मग म्हणाली,

"कातळबुवा, कातळबुवा, तोंड उघडा.
माझी ठिणगी मला मिळेना."

"ऊं हूं," कातळ म्हणाला. "मी नाही उघडत. उंबराने ढकललं तर उघडेन."

कातळच तो. आपणहून कशाला हलेल?

मिरी निघाली. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक. उंबराकडे आली. उंबराची मुळं जाडजूड. थेट कातळाखाली गेलेली.

"उंबरमामा, उंबरमामा, कातळ ढकला.
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

"ऊं हूं," उंबर म्हणाला. "मी नाही ढकलत. माझा घसा कोरडा पडलाय. ओढ्याने पाणी दिलं तर ढकलेन."

मिरी निघाली. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक. ओढ्याकडे आली. ओढा तुंबून बसला होता. डबुक, डबुक.

"ओढेदादा, ओढेदादा, उंबराला पाणी दे.
उंबर कातळ ढकलेना,
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

"ऊं हूं," ओढा म्हणाला. "मी नाही देत. माझ्या वाटेत म्हैस बसलीय. बघ की, केवढी आहे. ती उठली तर देईन."

मिरी निघाली. टुपुक टुपुक, छपाक छपाक. म्हशीकडे आली. म्हैस पाण्यात डुंबत होती. नुसतं नाक वर. डोळे अर्धे मिटलेले.

"म्हैसमावशी, म्हैसमावशी, पाण्यातून ऊठ.
ओढा उंबराला पाणी देईना,
उंबर कातळ ढकलेना,
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

म्हशीने एक कान हलवला. मग दुसरा हलवला. मग सावकाश म्हणाली, "ऊं हूं. मी नाही उठत. बाहेर ऊन किती आहे. ढगाने सावली धरली तर उठेन."

तेवढ्यात लांबून आईची हाक आली. "मिरे, ठिणगी लहान झाली गं!"

मिरी पळतच निघाली. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक. ढग होता डोंगराच्या टोकावर. मिरीने पंख मारले. फडफड, फडफड, धप्प. उडता येईना. पोटात जाळच नाही, तर उडणार कशी? मग मिरी चढली. दगडावरून दगडावर, दगडावरून दगडावर. ढगाकडे आली. ढग कापसासारखा लोळत पडला होता.

"ढगोबा, ढगोबा, सावली धरा.
म्हैस पाण्यातून उठेना,
ओढा उंबराला पाणी देईना,
उंबर कातळ ढकलेना,
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

"ऊं हूं," ढग म्हणाला. "मी नाही धरत. मला का पाय आहेत? वाऱ्याने आणलं तर येईन, मग सावली धरेन."

मोठ्यांचं हे असंच असतं. आधी दुसऱ्याने करायचं, मग आपण.

मिरी निघाली. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक. वाऱ्याकडे आली. वारा खिंडीपाशी अडकला होता. इकडे धडक, तिकडे धडक. सूं सूं, सूं सूं.

"वारेकाका, वारेकाका, ढगाला आणा.
ढग सावली धरेना,
म्हैस पाण्यातून उठेना,
ओढा उंबराला पाणी देईना,
उंबर कातळ ढकलेना,
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

"ऊं हूं," वारा म्हणाला. "मी नाही आणत. आणू तरी कसा? खिंडीत गडगडे आजोबा आडवे पडलेत. त्यांनी कूस बदलली तर आणेन." मग वारा मिरीच्या कानाशी आला. हळूच म्हणाला, "पण मी सांगितलं असं सांगू नकोस हं."

गडगडे आजोबा म्हणजे डोंगरातले सगळ्यात मोठे ड्रॅगन. शेपूट या टोकाला, नाक त्या टोकाला. घोरायचे तर दगड घरंगळायचे. घुर्रर्र… फूस्स. घुर्रर्र… फूस्स. आणि चिडायचे तर विचारूच नका. मोठेमोठे ड्रॅगनसुद्धा खिंडीच्या वाटेला जायचे नाहीत.

मिरीला परत फिरावं असं वाटलं. फार वाटलं.

पण लांबून पुन्हा हाक आली. "मिरे, पळ गं. ठिणगी तिळाएवढी राहिली!"

मिरी परत फिरली नाही. टुपुक… टुपुक… टुपुक. आजोबांच्या नाकाशी जाऊन उभी राहिली. छाती फुगवली आणि मोठ्ठ्याने म्हणाली,

"गडगडे आजोबा, गडगडे आजोबा, कूस बदला.
वारा ढगाला आणेना,
ढग सावली धरेना,
म्हैस पाण्यातून उठेना,
ओढा उंबराला पाणी देईना,
उंबर कातळ ढकलेना,
कातळ तोंड उघडेना,
माझी ठिणगी मला मिळेना."

घुर्रर्र थांबलं. एक डोळा उघडला. तो डोळाच मिरीपेक्षा मोठा.

"कोण आहे?"

"मी मिरी."

"कुठे आहेस? दिसत नाहीस."

"खाली बघा, आजोबा. नाकाशी."

आजोबांनी खाली बघितलं. मग आणखी खाली बघितलं. "ऊं हूं," आजोबा गडगडले. "मी नाही बदलत. माझ्या पाठीत काहीतरी खुपतंय. जरा हललो की टोचतं. टुच्च! कोणी ते काढलं तर कूस बदलेन."

"कोणी काढायचं?"

"ते मला काय ठाऊक? माझं नख बघ केवढं आहे. तिथे शिरतच नाही. आणि बाकी कोणी जवळच येत नाही." आजोबांनी सुस्कारा टाकला. फूस्स. "टोचतं म्हणून मी ओरडतो. ओरडतो म्हणून सगळे पळतात."

मिरीने इकडे बघितलं. वाऱ्याने तोंड फिरवलं. मिरीने तिकडे बघितलं. तिकडे नुसते दगड. आता कोणाकडे जायचं? पुढे तर कोणीच नव्हतं.

मिरीने स्वतःच्या नखाकडे बघितलं. इवलंसं नख. बारीक, टोकदार.

"मीच काढते," मिरी म्हणाली.

आणि चढायला लागली. शेपटीवरून पाठीवर. या खवल्यावरून त्या खवल्यावर. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.

"इथे खुपतंय?"

"नाही."

"इथे?"

"नाही, जरा वर."

"इथे?"

"आई गं! तिथेच."

मिरीने खवल्याखाली डोकं घातलं. काय होतं तिथे? एक कुसळ. गवताचं कुसळ. फिरायला गेलं की आपल्या पायजम्याला चिकटतं ना? तस्सं. एवढ्याशा कुसळाने एवढ्या मोठ्या आजोबांना हैराण केलं होतं.

"हलू नका हं, आजोबा."

"मी कुठे हलतोय?" आजोबा म्हणाले. डोळे मात्र गच्च मिटले होते. आजोबासुद्धा भ्यायले होते.

मिरीने नखांत कुसळ धरलं. ओढलं. येईना. पाय रोवले. पुन्हा ओढलं. येईना. दात आवळले, शेपूट ताणली, सगळा जीव एकवटला आणि ओढलं.

टुच्च. आलं बाहेर.

मग आजोबांनी हळूच एक खांदा हलवला. टोचलं नाही. दुसरा हलवला. टोचलं नाही.

"आहाहाहाऽऽ!" आजोबा हसले. डोंगराने ते हसणं पहिल्यांदाच ऐकलं. "बस माझ्या डोक्यावर, मिरे. तुझी ठिणगी आणू या."

मिरी आजोबांच्या दोन शिंगांच्या मध्ये बसली. आणि मग काय झालं माहीत आहे?

आजोबांनी कूस बदलली. धडाम धुडूम.
वाऱ्याने ढगाला आणलं. सूंऽऽ सूंऽऽ.
ढगाने सावली धरली. गारेगार.
म्हैस पाण्यातून उठली. डुबुक छपाक.
ओढ्याने उंबराला पाणी दिलं. खळखळ, खळखळ.
उंबराने कातळ ढकलला. कर्रर्र, कर्रर्र.
कातळाने तोंड उघडलं. कटाक.

आजोबा खाली उतरले. मिरीने टुणकन उडी मारली आणि आत वाकून बघितलं. ठिणगी होती. पण केवढीशी. लुक… मग काहीच नाही. मग पुन्हा, लुक…

"विझतेय गं," आई म्हणाली.

तेव्हा वारा पुढे आला. त्याला कोणी सांगितलं नव्हतं. तो आपणहून आला. गुडघे टेकून बसावं तसा बसला आणि हळूच फुंकर घातली. फू. फू. फू.

ठिणगी लाल झाली. लाललाल झाली. लुकलुक, लुकलुक, आणि उडाली वर.

मिरीने पाय रोवले. या वेळी सटकली नाही. झटकन झेलली. गट्टकन गिळली.

सगळे मिरीच्या पोटाकडे बघायला लागले. आधी काहीच होईना. मग पोटात गुडगुडलं. मग गुदगुल्या झाल्या. मग ऊब आली. मिरीने तोंड उघडलं.

भॉऽऽक!

केवढा जाळ! पिवळा, केशरी, लाल. तव्याखाली जाऊन नाचायला लागला. आईने भाकरी थापली. थप थप थप. तव्यावर टाकली. भाकरी फुगली, फुगली, टम्म फुगली.

"पहिला घास मिरीचा," आई म्हणाली. "कारण ठिणगी मिरीची."

मिरीने घास खाल्ला. ऐटीत. आणि मान वर केली, तर सगळे भाकरीकडे बघत होते. आजोबा, वारा, ढग, म्हैस, ओढा, उंबर, कातळ.

"मिरे," आजोबा म्हणाले, "आम्हाला देतेस ना?"

मिरीने शेपूट उडवली. नाक वर केलं. "ऊं हूं," ती म्हणाली. "मी नाही देत."

सगळ्यांची तोंडं एवढीशी झाली.

"सगळे माझ्या जवळ बसलात," मिरी म्हणाली, "तर देईन."

आजोबा बसले, धप्प. म्हैस बसली, धप्प. ढग खाली वाकला. ओढा वळसा घालून आला. वारा एका जागी बसला. कातळ आणि उंबर तर तिथेच होते, ते आणखी थोडे जवळ सरकले. आणि सगळ्यांच्या मध्ये बसली मिरी, एवढीशी. ती भॉक करायची, आई भाकरी थापायची, आणि गरम गरम भाकरी सगळ्यांना मिळायची.

भाकरी झाली खाऊन, गोष्ट झाली सांगून. आता बघू, कोणाच्या पोटात गुडगुडतंय?