मरव्याचे निर्गंध फूल

कृतयुग उतरणीला लागले होते आणि देवही माणसांच्या हाकेला उशिरा येऊ लागले होते, त्या काळी सह्याद्रीच्या गंधशैल नामक शिखरावर, करवंदीच्या जाळ्यांनी वेढलेल्या, होमधूमाने सदैव धूसर झालेल्या आश्रमात महर्षी दीर्घश्रवा राहत असत. तेजाने सूर्यासमान, नियमाने पाषाणाहून कठोर. त्यांना कोणी प्रश्न विचारत नसे. तो विचारायचा नसतो, असे त्यांनीच सर्वांना शिकवले होते.

त्या वर्षी दाहमुख नावाच्या असुराने आपला श्वास खोऱ्यात सोडला. तो ज्याला लागे त्याचे रक्त तापत जाई आणि शेवटी प्राण जात. त्यावर उतारा एकच, कड्याच्या कपारीतला रानमरवा. तो आधी अग्नीला अर्पण करायचा, मग उरलेल्याचा रस रुग्णाला पाजायचा. पण त्याच कपारीत विषमंजिरीही वाढे. पान तेच, तुरा तोच. फरक फक्त वासाचा. मरव्याचे फूल तेव्हा सुगंधी होते, विषमंजिरीला वास नव्हता.

आणि हुंगलेले फूल देवाला चालत नाही. म्हणून ऋषी नाकाला वल्कल घट्ट बांधून मरवा खुडायला जात आणि विष घेऊन परतत. रोगी मेले. "त्यांची श्रद्धा उणी पडली," महर्षी म्हणाले. सगळ्या दाढ्या गंभीरपणे हलल्या.

मग ताप महर्षींच्या पत्नीला, सुचेतेला, चढला.

त्यांची कन्या हारीता कड्यावर गेली. उघड्या नाकाने झुडूप न् झुडूप हुंगत तिने खरा मरवा शोधला आणि धावत होमशाळेत आणला.

"हुंगलास?" महर्षींनी विचारले.

"हुंगला. म्हणून तर हा मरवा आहे."

"मग तो उच्छिष्ट झाला. देव तुझ्या मागून जेवणारे याचक नव्हेत, कन्ये. नियमाने दुसरा आण."

"दुसराही हुंगूनच आणावा लागेल, तात. न हुंगता आणलेल्याने किती गेले, ते बाहेरच्या चितांना विचारा."

"पोरीची जीभ बघा," एक वृद्ध ऋषी पुटपुटले. चितांकडे कोणी बघितले नाही.

हारीतेने पर्णकुटीत येऊन पाने मुठीत चुरगाळली आणि रस आईच्या ओठांशी नेला. सुचेतेने तोंड फिरवले.

"ह्यांनी अर्पण केला का गं?"

"नाही. तू पी आधी."

"असं कसं पिऊ? देवाच्या आधी मी कधी पाणी तरी प्यायलेय का?"

"आई, मरशील तू."

"जा, ह्यांना विचारून ये. तोवर आहे मी."

हारीता पुन्हा धावली. तिने वडिलांचे पाय धरले. "एक पान टाका अग्नीत. पाप मला लागू दे. तुमच्या शब्दावाचून ती ओठ उघडत नाही."

महर्षींच्या पळीतले तूप कुंडाबाहेर सांडले. "नियम मी केलेला नाही," ते म्हणाले, "म्हणून मला तो मोडता येत नाही."

ती परतली तेव्हा सुचेता गेली होती. ओठ तसेच मिटलेले.

मग हारीता रसाने हिरव्या झालेल्या हातांनी यज्ञकुंडासमोर उभी राहिली. "हे हुताशना, तू सर्व पाहिलेस आणि गप्प राहिलास. आता ऐक. आजपासून या फुलाला गंध उरणार नाही. तो पानात उतरेल, आणि जो पान खुडील त्याच्या बोटांना बिलगेल. मग बांधा नाक, किती बांधायचे ते."

ज्वाळा छतापर्यंत उसळल्या. "तथास्तु," अग्नी म्हणाला. "आणिक काही माग."

"आता काय मागू? तिला तुझ्याच हाती द्यायचे आहे."

अग्नी खाली मान घालून जळत राहिला.

त्यानंतर कोणी विषमंजिरी आणली नाही. दाहमुखाचा ताप ओसरला, रोगी वाचले, महर्षीही पुष्कळ जगले. मरवा तेच खुडत. मग हात मातीने घासत, भस्माने घासत. तरी आचमनाला तळहात ओठांशी नेला की तो वास येई, आणि मंत्र मध्येच थांबे.

मरव्याचे फूल अजून निर्गंध आहे. पान मात्र देवापाशी पोहोचण्याआधी वाहणाऱ्याच्या बोटांना लागलेले असते, आणि ते हुंगले का, असे कोणी कोणाला विचारत नाही.