जाणाऱ्याने काय म्हणावं

परदेशी भागीदारांबरोबर सिनेमे काढण्यात विभावरी केळुसकरांची हयात गेली होती, पण फोग्टसाहेबांसारखा हेकट जर्मन त्यांना पहिल्यांदाच भेटला. पुण्यात संकलनाच्या खोलीत गाडी शेवटच्या प्रसंगावर अडली होती. घर सोडून निघालेली मुलगी उंबऱ्यात वळते आणि म्हणते, "येते गं, आई."

"निघालेली मुलगी 'येते' म्हणते? आमचे प्रेक्षक हसतील," साहेब म्हणाले. "तिला 'जाते' म्हणायला लावा, नाहीतर भागीदारी मोडून मी जातो."

ही धमकी सकाळपासून चालली होती. दर वेळी साहेब उठत, कॉफी मागवत आणि पुन्हा बसत. बाईंना प्रसंगही हवा होता आणि भागीदारही.

त्यांनी शांतपणे चष्मा पुसला. "साहेब, सकाळपासून तुम्ही 'जातो, जातो' म्हणताय. त्याचा अर्थ 'मला थांबवा' असा आहे, हे आम्हाला कुणी सांगायची गरज पडली नाही. मग तिच्या 'येते'चा अर्थ तुमच्या प्रेक्षकांना का नाही कळणार?"

साहेब खो खो हसले. प्रसंग राहिला.

संध्याकाळी निघताना ते दारात थांबले आणि मराठीत, अक्षरं जुळवत म्हणाले, "येतो."

"या," बाई म्हणाल्या.