आयाळीचा खजिना

खूप जुनी गोष्ट आहे. तेव्हा पैसा कुणाच्या खिशात नव्हता, कारण खिसेच नव्हते. एका जंगलात तो सिंहाच्या मानेवर होता.

त्या जंगलात राजाच्या आयाळीचा केस हेच नाणं. त्याला राजकेस म्हणत. राजकेस दाखवला की सिंह त्या दिवशी दाखवणाऱ्याला खात नसे. म्हणून त्या केसाला किंमत होती आणि त्यावर मध, बोरं, मोहाची फुलं असं काहीही मिळे.

केस उपटायचं काम खजिनदार माकडिणीकडे होतं. म्हातारी होती, बोटं चपळ, जीभ त्याहून चपळ. ओढ्याकाठच्या उंबरावर तिची नातवंडं राहत. ओढ्यापलीकडे दुसरा सिंह होता. तो रोज पाण्यावर येई, अलीकडच्या राजाची दाट आयाळ पाही आणि मुकाट मागे फिरे. आपली नातवंडं या आयाळीच्या भरवशावर झोपतात, हे माकडिणीला पक्कं ठाऊक होतं. म्हणून ती जपून उपटत असे.

मग राजाला उत्सवांची हौस लागली. महिन्याला एक वाढदिवस होऊ लागला. सुगरण पक्ष्यांनी झुलता मंडप विणला, मोर नाचले. "अशी आयाळ झाली नाही, होणार नाही," असं फांदीफांदीवरून ओरडायचा ठेका पोपटांनी घेतला. ज्याला त्याला राजकेस मिळाले. प्रधान कोल्हा हुकूम सोडी, माकडीण उपटी, आणि राजा डोळे मिटून "आई गं" म्हणे. दर खेपेला एक झुपका कोल्ह्याच्या बिळात जाई. त्याला तो कारभाराचा खर्च म्हणत असे.

एके दिवशी माकडीण थांबली.

"महाराज, हाताला आता कातडी लागतेय."

"म्हातारे, तुझी नजर गेलीय," कोल्हा म्हणाला.

"मी नजरेने कुठे उपटते? बोटांनी उपटते. बोटं धड आहेत."

राजाने जांभई दिली. पोपटांचे पैसे तेवढे वेळेवर पोचवा, म्हणाला.

थोड्याच दिवसांत नवीनच पंचाईत झाली. राजा शिकारीला निघाला, तर हरणाने राजकेस दाखवला, सशाने दाखवला, रानडुकराने तर पिल्लांच्या नावानेही दाखवले. सगळे श्रीमंत झाले होते. राजा उपाशी परतला.

"प्रधानजी, मी खायचं काय?"

"प्रजा सुखी आहे, महाराज. राजाचं पोट त्यातच भरायला हवं."

"भरत नाहीये."

बारीक झालेला, मानेवर चार केस उरलेला राजा पाहून प्राणी कुजबुजू लागले. त्यांचा खजिना चालता-बोलता होता. किती उरलं ते कुणालाही दिसे. कोल्ह्याने यावर इलाज काढला. खर्चाला त्याने हात लावला नाही. राजाच्या मानेकडे बघणं हा राजद्रोह, सर्वांनी जमिनीकडे बघून चालावं, असा हुकूम काढला. शिवाय जंगलाच्या कडेला चरणाऱ्या गाढवाच्या शेपटीचे केस आणवले आणि बाभळीच्या डिंकाने राजाला चिकटवायला माकडिणीला सांगितलं. पोपटांनाही वर बघायची बंदी होती. पण न बघता सांगायची त्यांना सवयच होती. खजिना दुप्पट झाला, असं ते ओरडू लागले.

माकडिणीने अर्धी मान चिकटवली आणि डिंकाचा द्रोण खाली ठेवला. "महाराज, बंदी इकडच्यांना आहे. ओढ्यापलीकडच्याने बघू नये, हे त्याला कोण सांगणार?"

"तो परका. त्याला आपल्यातलं काय कळतंय?" कोल्हा म्हणाला.

राजा डबक्यातल्या प्रतिबिंबात आपली नवी आयाळ न्याहाळत होता. त्याने माकडिणीला कामावरून काढून टाकलं आणि उरलेले केस चिकटवायला अस्वल नेमलं. अस्वलाने भरपूर डिंक लावला.

माकडीण तडक उंबरावर गेली आणि नातवंडांना घेऊन उंच कड्याकडे निघाली. वाटेत तिने सगळ्यांना हाका मारल्या. "अरे, राजाची मान बघा. आज ना उद्या पलीकडचा येणार. चला माझ्याबरोबर."

"वर बघायची बंदी आहे, आजी," हरीण खाली बघत म्हणालं.

"आणि बघून करायचंय काय?" ससा म्हणाला. "माझ्याकडे भरपूर राजकेस आहेत."

दुसऱ्या दिवशी राजा नवी आयाळ मिरवत कित्येक दिवसांनी ओढ्यावर आला आणि पाणी प्यायला वाकला. डिंक विरघळला, आणि गाढवाची शेपटी झुपक्याझुपक्याने वाहत पलीकडच्या काठाला लागली. तिथला सिंह पाणी पीत होता. त्याने मान वर केली आणि अदबीने विचारलं,

"बाई, तुमचे मालक घरी आहेत का?"

राजाने मागे वळून पाहिलं, कोण बाई आली म्हणून. मागे कुणीच नव्हतं. मग त्याच्या लक्षात आलं. त्याने डरकाळी फोडायचा प्रयत्न केला, पण उपाशी पोटातून जो आवाज निघाला त्याने समोरच्याची खात्रीच पटली. पलीकडच्याने ओढ्यात पाय टाकला आणि राजा जो पळाला तो पुन्हा कुणाला दिसला नाही.

नवा सिंह जंगलातून चालत गेला. खाली बघणाऱ्या प्राण्यांना चार अनोळखी पंजे दिसले. सवयीने सगळे वाकले.

माकडीण कड्यावरून बघत होती. खाली कोल्हा बिळातून बाहेर आला. तोंडात राजकेसांचा गठ्ठा मावत नव्हता. तो त्याने नव्या सिंहापुढे ठेवला.

"हे काय?"

"राजकेस, महाराज. एक दाखवला की एक दिवस अभय. हा माझा आणि माझ्या सात पिढ्यांचा बंदोबस्त आहे."

"केस कुणाचे?"

"आधीच्या महाराजांचे."

"मग त्यांनाच दाखव," असं म्हणून सिंहाने कोल्ह्याला खाल्लं, आणि दातांत अडकलेलं काढायला गठ्ठ्यातला एक केस घेतला.

बोध: रिकामा खजिना बघायला बंदी घातल्याने तो भरत नाही, फक्त तो रिकामा असल्याचं प्रजेच्या आधी शत्रूला कळतं.